गृहकर्जाचा खरा खर्च : वाचकांचे प्रश्न आणि उत्तरे

गृहकर्जाबद्दल आलेल्या पत्रांत हप्त्याचा आकडा जवळजवळ प्रत्येकाने दिला आहे. मुद्दल किती शिल्लक आहे आणि हप्ते किती उरलेत, हे मात्र फार थोड्यांनी लिहिले आहे. कर्ज किती महाग पडणार हे याच दोन आकड्यांवरून कळते, म्हणून उत्तरांत भर त्यांच्यावर आहे. तुलना सोपी जावी यासाठी सगळीकडे एकच उदाहरण घेतले आहे : कर्ज ५० लाख, व्याज वार्षिक ८.५ टक्के, मुदत २० वर्षे म्हणजे २४० हप्ते, दरमहा हप्ता ४३,३९१. दर आणि मुदत तीच असेल तर बाकी आकडे कर्जाच्या प्रमाणात बदलतात. आपले कर्ज ३० लाखांचे असेल तर ०.६ ने गुणावे.

प्रश्न : पाच वर्षांत एकही हप्ता चुकवलेला नाही. २६ लाख भरून झाले आणि मुद्दल सहा लाखांनीसुद्धा उतरलेले नाही. बँकेच्या हिशेबात काही घोळ असेल का?

घोळ नाही. व्याज दर महिन्याला त्या वेळच्या शिल्लक मुद्दलावर लागते आणि हप्त्यातून आधी व्याज वळते होते; उरेल तेवढेच मुद्दलात जमा होते. पहिल्या महिन्यात शिल्लक पूर्ण ५० लाख असते. ५०,००,००० गुणिले ८.५ भागिले १,२०० केले की ३५,४१७ येतात. हे झाले त्या महिन्याचे व्याज. ४३,३९१ मधून ते गेल्यावर मुद्दलाला मिळतात ७,९७४. दुसऱ्या महिन्यात शिल्लक ४९,९२,०२६, व्याज ३५,३६०, मुद्दलाला ८,०३१. एका महिन्यात फरक पडला तो ५७ चा! सुरुवातीची गती एवढीच असते.

मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा होतो तो १४३व्या हप्त्याला, म्हणजे बारावे वर्ष संपत आलेले असते. निम्मे कर्ज १६६व्या हप्त्याला फिटते, चौदाव्या वर्षी. आपण पाच वर्षांत भरलेल्या २६,०३,४७० पैकी २०,०९,८३० व्याजात गेले, मुद्दलात ५,९३,६४० जमा झाले, आणि अजून ४४,०६,३६० बाकी आहेत.

बँकेकडून परतफेडीचा तक्ता मागून घ्याच, पण एकदा स्वतःही करून पाहा. स्प्रेडशीटमध्ये पाच रकाने करा : महिना, सुरुवातीची शिल्लक, व्याज, मुद्दल, अखेरची शिल्लक. हप्ता काढायला पीएमटी हे सूत्र आहे. त्यात क्रमाने मासिक दर (वार्षिक दर भागिले १२), हप्त्यांची संख्या आणि कर्जाची रक्कम द्यावी लागते. रक्कम उणे चिन्हाने दिली की उत्तर अधिक येते. वार्षिक दराला १२ ने भागायचे राहून गेले तर हप्ता भलताच येतो. सर्रास होणारी चूक हीच.

आपला तक्ता आणि बँकेचे विवरण यांत थोडासा फरक पडेल. काही ठिकाणी व्याज दिवसांवर मोजतात, हप्ता पूर्णांकात घेतात, आणि कर्ज महिन्याच्या मध्यावर मिळाले असेल तर पहिल्या महिन्याचे व्याज तेवढ्याच दिवसांचे असते. फरक हजारांत गेला तर तीन गोष्टी तपासा : मध्येच दर बदलला का, एखादे शुल्क कर्जखात्यात नावे टाकले का, आणि एखादा हप्ता उशिरा जमा झाला का.

प्रश्न : २० ऐवजी ३० वर्षांची मुदत घेतली तर हप्ता हलका होतो. फरक तसा किती पडणार?

हप्त्यात कमी पडतो, व्याजात फार पडतो. ३० वर्षांना हप्ता ३८,४४६ येतो, म्हणजे महिन्याला ४,९४५ वाचतात. एकूण व्याज मात्र ५४.१४ लाखांवरून ८८.४० लाखांवर जाते. उलट १५ वर्षे घेतली तर हप्ता ४९,२३७ आणि व्याज ३८.६३ लाख.

मिळकत बेभरवशाची असेल तर लांब मुदत घेऊन जमेल तेव्हा जास्त भरणे हा मार्ग वाईट नाही, कारण हप्ता थकण्यापेक्षा तो बरा. त्यासाठी करारात मुदतीआधी पैसे भरण्यावर दंड नसायला हवा. शिवाय ४,९४५ चा तो फरक खरोखर बाजूला टाकला गेला पाहिजे. पगार जमा होईल त्याच दिवशी तो आपोआप वेगळ्या खात्यात जाईल अशी सोय केली नाही, तर तो घरखर्चात जिरतो.

प्रश्न : व्याजदर एक टक्क्याने वाढला, पण हप्ता आहे तोच राहिला. बँक म्हणते, तुम्हाला काहीच करावे लागणार नाही. मग नुकसान कुठे आहे?

मुदतीत आहे. हप्ता तसाच ठेवून बँकेने मुदत लांबवली आहे. आपले पाच वर्षांचे हप्ते झाले असून ४४,०६,३६० बाकी आहेत आणि दर ९.५ टक्के झाला आहे असे धरू. त्याच हप्त्यात कर्ज फेडायला १८० ऐवजी जवळजवळ २०७ हप्ते लागतील. जादा भरणा सुमारे ११.५५ लाखांचा. हप्ता ४६,०१२ करून मुदत १८० हप्त्यांचीच ठेवली, तर जादा भरणा ४.७२ लाख. महिन्याला २,६२१ जास्त देण्याची तयारी असली की पावणेसात लाखांहून अधिक रक्कम वाचते. दर बदलला की बँकेला लेखी कळवा : ‘मुदत तीच ठेवावी, हप्ता वाढवावा.’ कळवले नाही, तर आपोआप मुदतच वाढण्याची शक्यता जास्त.

याहून वाईट अवस्थाही येऊ शकते, आणि ती लांब मुदतीच्या कर्जात लवकर येते. ३० वर्षांच्या कर्जाचा हप्ता ३८,४४६ आहे. कर्ज नवे असतानाच दर ९.२५ टक्क्यांवर गेला, तर ५० लाखांवर महिन्याचे व्याज ३८,५४२ होते. हप्ता व्याजालाच पुरत नाही. कमी पडलेली रक्कम मुद्दलात मिळवली गेली तर नियमित हप्ते भरूनही कर्ज वाढत जाते. तेही दरात केवळ पाऊण टक्का वाढ होऊन! २० वर्षांच्या कर्जात ही वेळ यायला दर १०.४ टक्क्यांच्या पुढे जावा लागतो. आपल्या कर्जाची ही मर्यादा काढणे सोपे आहे : हप्ता गुणिले १,२००, भागिले शिल्लक मुद्दल. आलेल्या आकड्याच्या जवळ दर पोहोचू लागला की हप्ता वाढवून घ्यायला थांबू नका.

प्रश्न : एका ठिकाणी ५ टक्के ‘फ्लॅट’ दराने कर्ज मिळते आहे. ८.५ पेक्षा हे किती तरी स्वस्त नाही का?

नाही. फ्लॅट दरात व्याज शेवटपर्यंत मूळ रकमेवर लागते, आपण किती फेडले याचा विचार त्यात नसतो. ५० लाखांवर ५ टक्क्यांनी २० वर्षांचे व्याज ५० लाख, हप्ता ४१,६६७. घटत्या शिल्लकीच्या पद्धतीत हाच हप्ता सुमारे ७.९५ टक्के दराला येतो. फरक आहे, पण अर्ध्या टक्क्याच्या आसपासचा. त्यातही मुदतीआधी कर्ज फेडायचे झाल्यास व्याजात किती सूट मिळेल, हे लेखी घेतल्याशिवाय पुढे जाऊ नये.

प्रश्न : पाच लाख हाताशी आहेत. कर्जात आत्ता भरावेत की नंतर? आणि भरल्यावर हप्ता कमी करून घ्यावा की मुदत?

पहिले वर्ष संपताना पाच लाख भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर पुढचे २२८ हप्ते सुमारे १८० वर येतात. भरलेले पाच लाख वजा करूनही १६ लाखांच्या आसपास व्याज वाचते. हेच पाच लाख पंधरावे वर्ष संपताना भरले तर बचत सव्वादोन लाखांच्या आत.

या दोन आकड्यांचा अर्थ मात्र नीट लावायला हवा, कारण लवकर भरण्याचा सल्ला देणारे इथे घाई करतात. परतावा दोन्ही वेळी सारखाच आहे, ८.५ टक्के. पहिल्या वेळी त्याला १९ वर्षे मिळतात, म्हणून रक्कम फुगलेली दिसते. तेव्हा तुलना अशी करा : हीच रक्कम तेवढ्याच सुरक्षित ठिकाणी गुंतवून, कर वजा जाता, ८.५ टक्क्यांहून जास्त मिळतील का? मिळत नसतील तर कर्जात भरणे सरस. व्याजावर करसवलत मिळत असेल, तर कर्जाचा दर तेवढा कमी धरून हिशेब करा. सहा महिन्यांचा घरखर्च आणि हप्ते निघतील एवढी रक्कम आधी बाजूला ठेवायची, मगच कर्जाकडे वळायचे. कर्जात घातलेले पैसे अडचणीच्या दिवशी सहज परत मिळत नाहीत, आणि मग महागडे वैयक्तिक कर्ज काढावे लागते.

हप्ता की मुदत, याचे उत्तर स्पष्ट आहे : खर्च कमी करायचा तर मुदत कमी करून घ्या. हप्ता डोईजड होत असेल तरच हप्ता. पैसे भरताना अर्जावर ‘मुद्दलात जमा’ असे लिहा आणि आठवडाभराने नवा तक्ता मागवा. काही वेळा जादा रक्कम पुढच्या हप्त्यांपोटी आगाऊ धरून ठेवली जाते आणि व्याज काही कमी होत नाही.

एकरकमी पैसे नसतील तर दरवर्षी एक जादा हप्ता भरून पाहा. २० वर्षांचे कर्ज पावणेसतरा वर्षांच्या सुमारास संपते आणि दहा लाखांच्या घरात बचत होते.

प्रश्न : कर्जासोबत दीड लाखाचा विमा घ्यायला सांगतात. ‘हप्त्यातच बसवून देतो, वेगळे काही भरायला नको’ असे म्हणतात. घ्यावा का?

कर्जाएवढे विमासंरक्षण असावेच. घरातल्या मिळवत्या माणसाच्या मागे कर्ज राहिले तर घर जाऊ शकते. प्रश्न तो हप्त्यात बसवण्याचा आहे. दीड लाख मुद्दलात मिळवले की हप्ता १,३०२ ने वाढतो आणि २० वर्षांत त्या दीड लाखाचे ३.१२ लाख होतात. त्यात बऱ्याच अशा पॉलिसींत संरक्षणाची रक्कम कर्जाबरोबर घटत जाते. त्याच रकमेच्या साध्या मुदत विम्याचा हप्ता आधी विचारून घ्या, आणि कर्ज लवकर फिटले तर किंवा दुसरीकडे नेले तर पॉलिसीचे काय होते तेही विचारा. विमा सक्तीचा आहे असे तोंडी सांगितले गेले, तर करारातले कलम दाखवायला सांगा.

प्रक्रिया शुल्क, कायदेशीर तपासणी, मूल्यांकन, नोंदणीचा खर्च हे शक्यतो रोख भरावेत. दोन बँकांची तुलना करताना हे सगळे मिळून खरा दर काढा : हातात पडणारी निव्वळ रक्कम एका बाजूला, सगळे हप्ते दुसऱ्या बाजूला. स्प्रेडशीटमधले रेट हे सूत्र मासिक दर देते. त्याला १२ ने गुणले की झाले.

प्रश्न : पाच वर्षांनंतर दुसरी बँक माझे कर्ज ८ टक्क्यांनी आपल्याकडे घ्यायला तयार आहे. हप्ता साडेसहा हजारांनी उतरतो. नेऊ का?

हप्ता एवढा का उतरला ते आधी बघा. ४४,०६,३६० चे कर्ज ८ टक्क्यांनी पुन्हा २० वर्षांसाठी मांडले, तर हप्ता ३६,८५७ येतो, ६,५३५ ने कमी. पण जुन्या बँकेत १८० हप्त्यांत ७८.१० लाख द्यायचे होते, आणि इथे २४० हप्त्यांत ८८.४६ लाख द्यावे लागतील. दर अर्ध्या टक्क्याने उतरूनही भरणा दहा लाखांहून जास्त वाढला!

मुदत १८० हप्त्यांचीच ठेवा. हप्ता ४२,११० येईल, महिन्याला १,२८२ वाचतील, १५ वर्षांत २.३१ लाख. त्यातून कर्ज हलवण्याचा खर्च वजा करायचा : जुने कर्ज बंद करण्याचे शुल्क, नवे प्रक्रिया शुल्क, कागदपत्रे, नोंदणी. हा खर्च ४०,००० असेल तर ३२ महिन्यांत भरून निघतो. त्याआधी घर विकण्याचा विचार असेल तर जाऊ नका. आणि हलवण्यापूर्वी आपल्याच बँकेला नव्या प्रस्तावाचे पत्र दाखवा. किरकोळ शुल्क घेऊन दर उतरवून मिळतो का ते विचारायला काहीच खर्च येत नाही.

प्रश्न : महागाईमुळे पुढचे हप्ते स्वस्तच होत जातात. मग एकूण व्याजाची एवढी धास्ती कशाला?

मुद्दा खरा आहे. महागाई वर्षाला ५ टक्के धरली, तर विसाव्या वर्षाअखेरच्या ४३,३९१ चे मोल आजच्या १६,३५४ एवढेच. म्हणून ५४ लाख व्याज म्हणजे आजचे ५४ लाख नव्हेत. पण याचा फायदा मिळकत महागाईच्या बरोबरीने वाढली तरच होतो, आणि निवृत्तीनंतरचे हप्ते त्या भरवशावर ठेवता येत नाहीत. शेवटचा हप्ता निवृत्तीच्या आधी संपतो का, हे पाहून मुदत ठरवा.

प्रश्न : शेवटचा हप्ता पुढच्या महिन्यात आहे. आणखी काही करायचे राहते का?

बँकेकडून अमुक तारखेपर्यंतची अंतिम बाकी लेखी घ्या आणि त्याच तारखेला तेवढीच रक्कम भरा. दोन-तीन दिवसांचे व्याज किंवा एखादे जुने शुल्क बाकी राहिले तर खाते बंद होत नाही, त्यावर दंड चढत राहतो आणि पतअहवालात थकबाकी दिसते. त्यानंतर ना-देय प्रमाणपत्र घ्या. कर्ज घेताना दिलेल्या यादीशी ताडून घराचे मूळ दस्तऐवज एकेक करून परत घ्या आणि घरावरचा बोजा सरकारी नोंदीतून उतरवून घ्या. खात्यातून हप्ता वळता करण्याची स्थायी सूचना रद्द करा. महिना-दोन महिन्यांनी पतअहवाल काढून कर्ज ‘बंद’ दिसते का ते पाहा. दिसत नसेल तर ना-देय प्रमाणपत्राची प्रत जोडून तक्रार करा.