मराठी विकिपीडियावरचा लेख दर्जेदार झाला, असं कधी म्हणायचं?

तुम्ही विचारलं आहे की, गावाजवळच्या किल्ल्यावरच्या लेखात तुम्ही आठ-दहा परिच्छेद घातले, तरी 'संदर्भ हवा' ही खूण निघाली नाही. उलट अर्धी भर कुणीतरी उलटवली, म्हणजे काढून लेख पूर्वीसारखा केला. मग लेख चांगला होतो तरी कसा?

मी काही वर्षं मराठी विकिपीडियावर लिहितो आहे. माझ्याही सुरुवातीच्या बऱ्याच संपादनांचं असंच झालं होतं आणि तेव्हा मला फार वाईट वाटलं होतं. लेख सुधारणं म्हणजे काय हे मला नीट कळलं ते लोणार सरोवरावरचा मजकूर माझ्या धूळपाटीवर (सदस्याच्या कच्च्या लेखनाच्या पानावर) पहिल्यापासून लिहायला घेतला तेव्हा. म्हणून लोणारच्याच आधाराने सांगतो, तुमच्या किल्ल्यालाही ते लागू पडेल.

लोणारबद्दल मराठीत काहीही वाचायला घ्या, 'जगातील एकमेव' हे शब्द हमखास भेटतात. कुठे 'जगात तिसऱ्या क्रमांकाचे' असंही असतं. मीही पहिल्या ओळीत तसंच लिहिलं होतं. मग त्या ओळीला संदर्भ जोडायला बसलो आणि जोडता येईना. पृथ्वीवर सिद्ध झालेली आघात-विवरं, म्हणजे उल्का आदळून झालेले खड्डे, दोनशेच्या आसपास आहेत. लोणारचा व्यास सुमारे १.८ किलोमीटर, तर मेक्सिकोतल्या चिक्शुलूब विवराचा व्यास सुमारे १८० किलोमीटर. तेव्हा तिसरा क्रमांक कुठून आला, कोण जाणे. 'बेसाल्टमधलं (लाव्हा थिजून झालेल्या काळ्या खडकातलं) एकमेव' म्हणावं, तर ब्राझीलमध्ये विस्ता अलेग्रे आहे, तेही बेसाल्टमधलंच आणि लोणारपेक्षा कितीतरी मोठं, फक्त झिजलेलं. शेवटी माझं वाक्य असं झालं: 'बेसाल्ट खडकात उल्केच्या आघाताने तयार झालेल्या आणि चांगल्या स्थितीत टिकलेल्या मोजक्या विवरांपैकी एक.' लोणारचं महत्त्व त्यामुळे तसूभरही कमी झालं नाही. मंगळाचा आणि चंद्राचा पृष्ठभाग अभ्यासणारे लोक लोणारला येतात ते याच बेसाल्टसाठी. हे आता वाचकाला कळतं. 'एकमेव'मध्ये ते कळत नव्हतं.

आपल्या भागाबद्दलचा अभिमान मनात असावाच, त्याशिवाय कुणी रात्री जागून लेख लिहीत नाही. पण लेखात तो विशेषणांच्या रूपाने आला की वाचकाचा विश्वास उडतो. नयनरम्य, विलोभनीय, अभेद्य, अद्वितीय हे शब्द आधी काढा. त्यांच्या जागी मोजमाप, साल, नाव येईल ते बघा. काहीच येत नसेल तर ते वाक्य गेलं तरी चालेल. 'असे म्हणतात' आणि 'तज्ज्ञांच्या मते' यांचंही तेच. कोण म्हणतं, कुठे म्हणतं, ते लिहा.

यापेक्षा अवघड गोष्ट होती वयाची. लोणारचं वय बऱ्याच ठिकाणी ५२,००० वर्षं दिलेलं असतं, आणि तो आकडा कुणी मनाने लिहिलेला नाही. तो तापदीप्ती पद्धतीने (नमुना तापवल्यावर निघणाऱ्या प्रकाशावरून) काढलेला आहे आणि त्यात सहा हजार वर्षं मागेपुढे धरलेली आहेत. पुढे २०११ साली 'जिऑलॉजी' या नियतकालिकात आरगॉन पद्धतीने (खडकातल्या आरगॉन वायूच्या मोजणीवरून) काढलेलं वय छापून आलं: ५,७०,००० वर्षं, सत्तेचाळीस हजार मागेपुढे. म्हणजे दहापटीहून जास्त फरक! मला दोन दिवस वाटत होतं की यातला खरा कोणता ते मीच ठरवायला हवं. ते माझं कामच नव्हतं. दोन्ही आकडे, दोन्ही पद्धती, कोणता निष्कर्ष कधीचा, हे सगळं मांडायचं आणि माहितीचौकटीत (लेखाच्या कडेला असणाऱ्या थोडक्यात माहितीच्या तक्त्यात) एकच आकडा कोंबायचा नाही. ज्या लेखात तज्ज्ञांमधला मतभेद जसाच्या तसा दिसतो, त्या लेखावर मी पटकन विश्वास ठेवतो. तुमच्या किल्ल्याबद्दलही बखर एक सांगत असेल आणि नंतरचा इतिहासकार दुसरं. दोघांनाही नावानिशी येऊ द्या, आणि कोणता पुरावा समकालीन आहे आणि कोणता शंभर वर्षांनंतरचा, ते वाचकाला सांगा.

लवणासुराची कथा मी काढून टाकली नाही. विष्णूने त्या दैत्याला मारलं आणि ही जागा तयार झाली, हे लोणारमध्ये प्रत्येकाला माहीत असतं, गावातलं दैत्यसूदन मंदिर त्याच कथेशी बांधलेलं आहे. ती कथा लेखात हवीच, फक्त 'नाव व आख्यायिका' या विभागात, आख्यायिका म्हणून. भूशास्त्राच्या विभागात १९७३ साली 'सायन्स'मध्ये आलेला फ्रेड्रिक्सन आणि सहकाऱ्यांचा शोधनिबंध येतो, कारण हे विवर ज्वालामुखीचं नसून आघाताचं आहे याचे खडकांतले पुरावे तिथे आहेत. तुमची भर उलटवली गेली त्यात आजोबांकडून ऐकलेली हकिकत होती, असं तुम्ही लिहिलंय. ती हकिकत खोटी आहे असं कुणी म्हटलेलं नाही. विकिपीडियावर फक्त आधी कुठेतरी छापलेलं, दुसऱ्याला पडताळता येईल असंच लिहिता येतं. ती स्थानिक मासिकात किंवा जिल्ह्याच्या इतिहासावरच्या पुस्तकात छापून आणा, मग तिला लेखात जागा मिळू शकते. खरंच छापून आणा, अशा गोष्टी माणसांबरोबर जातात.

संदर्भ कुठे शोधायचे, तर मी सुरुवात मराठी विश्वकोशापासून करतो. तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशींनी वाईत बसून उभारलेलं ते काम आता जालावर वाचता येतं. त्यानंतर जिल्ह्याचं गॅझेटियर (सरकारने छापलेला जिल्ह्याच्या माहितीचा ग्रंथ), मग शोधनिबंध, आणि सगळ्यांत शेवटी वर्तमानपत्र. वर्तमानपत्र शेवटी का, तेही लोणारनेच शिकवलं. जून २०२० मध्ये पाणी गुलाबी झालं तेव्हा पहिल्या आठवड्यातल्या बातम्यांमध्ये शैवालापासून काय काय कारणं आली होती. नंतर पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेच्या तपासणीत ते खारट पाण्यात वाढणाऱ्या सूक्ष्मजीवांमुळे झाल्याचं पुढे आलं. पहिल्या दिवसाची बातमी संदर्भ म्हणून लावली असेल, तर नंतरचा चांगला संदर्भ मिळताच ती बदला. बातम्यांचे दुवे मरतातही, म्हणून वेबॅक मशीनवर (जालावरच्या पानांच्या प्रती साठवणाऱ्या संकेतस्थळावर) प्रत जतन करून तोही दुवा जोडा. विश्वकोशातली वाक्यं मात्र उचलू नका. माहिती घ्या, वाक्य आपलं लिहा, खाली संदर्भ द्या.

इंग्रजी लेखाचं यंत्राने केलेलं भाषांतर आणून चिकटवणं हा आपल्याकडचा मोठा प्रश्न आहे. 'हे सरोवर एका उल्केद्वारे तयार केले गेले होते' असलं वाक्य मोठ्याने वाचून बघा. घरी कुणी असं बोलतं का? मी प्रत्येक परिच्छेद मोठ्याने वाचतो, अडखळलो तिथे वाक्य मोडून पुन्हा बांधतो. भाषांतर करायला हरकत नाही, पण मूळ लेखाचा उल्लेख बदलांच्या सारांशात (जतन करताना बदलाबद्दल लिहायच्या ओळीत) करा, परवान्याची तशी अटच आहे. आणि मूळ लेखाखालचे संदर्भ स्वतः उघडून बघितल्याशिवाय ओढून आणू नका. दोनदा मला असे संदर्भ सापडले आहेत ज्यांत ती माहितीच नव्हती.

प्रस्तावना शेवटी लिहा. खालचे विभाग पूर्ण झाल्यावरच कळतं की वरच्या दोन परिच्छेदांत काय यायला हवं. जी गोष्ट खाली नाही, ती वर नको.

मापदंडच हवे असतील तर इंग्रजी विकिपीडियाच्या 'चांगल्या लेखा'च्या सहा कसोट्या बघा: भाषा नीट, माहिती पडताळता येण्याजोगी, विषयाच्या मुख्य बाजू आलेल्या, तटस्थ, रोजच्या भांडणांपासून मुक्त, आणि योग्य चित्रं. त्याच्या वरचा, ताऱ्याची खूण मिळणाऱ्या निवडक लेखाचा दर्जा तिथे साधारण हजारात एका लेखाला मिळतो, कारण अनोळखी माणसं ओळ न् ओळ तपासतात आणि लिहिणारा आठवडेच्या आठवडे उत्तरं देत राहतो. आपल्याकडे लेख लाखाच्या आसपास आणि नियमित तपासणारे हात थोडे. त्यामुळे वाचणारा आपणच शोधावा लागतो. लेखाच्या चर्चा पानावर 'पुढच्या महिन्यात हा विभाग नव्याने लिहितोय, हरकत असेल तर सांगा' असं लिहा, चावडीवर (मराठी विकिपीडियाच्या सामायिक चर्चेच्या पानावर) दुवा द्या. मी भूशास्त्र शिकवणाऱ्या एका ओळखीच्या बाईंना माझा मजकूर छापून दिला होता. त्यांनी सतरा ठिकाणी लाल खुणा केल्या. त्यातल्या चार खुणा अशा वाक्यांवर होत्या, जी मला सगळ्यांत आवडली होती. काढली.

तुमची भर उलटवली गेली असेल तर लगेच पुन्हा चिकटवू नका. इतिहास पान उघडा, उलटवणाऱ्याने सारांशात काय लिहिलंय ते वाचा, आणि काहीच लिहिलेलं नसेल तर त्यांच्या चर्चा पानावर सरळ विचारा. जुनी आवृत्ती इतिहासात सुरक्षित असते, तुमचं टंकलेखन वाया गेलेलं नाही.

आता तुमच्या किल्ल्यापुरतं. ते आठ-दहा परिच्छेद धूळपाटीवर घ्या. प्रत्येक वाक्यापुढे ते कुठून आलं ते लिहा, पान क्रमांकासह. ज्याच्यापुढे काही लिहिता येणार नाही ते खाली वेगळं काढून ठेवा, पुसू नका, पुढे संदर्भ मिळतो. तटबंदीचे, दरवाज्यांचे आणि टाक्यांचे फोटो स्वतः काढून कॉमन्सवर (विकिपीडियाच्या चित्रांच्या मुक्त भांडारात) चढवा, गावाजवळ राहण्याचा हा फायदा शहरात बसलेल्या माझ्यासारख्याला नाही. एवढं झालं की धूळपाटीचा दुवा इथेच प्रतिक्रियेत द्या. मी सगळं वाचून चर्चा पानावर टिपणं लिहीन, आणि गॅझेटियरमधलं तुमच्या तालुक्याचं प्रकरण तोवर मीही शोधून ठेवतो.