आधी हेडफोन लाव

अगं,

तुझ्या मुलाखतींचं फुटेज पाहिलं. फोकस चोख, उजेड छान. पण समोरचा माणूस जीव तोडून सांगतोय आणि कॅमेऱ्याला त्याच्याशी काही देणंघेणंच नाही. तेव्हा ‘गिंबल (चालताना कॅमेरा स्थिर धरणारा स्टँड) कोणता घेऊ’ हा तुझा प्रश्न जरा बाजूला ठेवू. पिएर लोम या फ्रेंच छायालेखकाचं काम पाहा.

मे १९६२, पॅरिस. अल्जीरियातलं युद्ध मार्चमध्येच थांबलेलं. फ्रेंच दिग्दर्शक ख्रिस मार्कर आणि लोम १६ मिमीचा हलका कॅमेरा घेऊन शहरभर लोकांना बोलतं करत फिरले. घर, पैसा, सुख, राजकारण, काहीही. त्यातून ‘ल जोली मे’ (१९६३) हा माहितीपट झाला. मार्करनं लोमचं नाव सहदिग्दर्शक म्हणून लावलं! कॅमेरामनला एवढा मान आपल्याकडे कोण देतो, सांग.

त्यात एक गृहस्थ रंगात येऊन बोलतायत आणि त्यांच्या कपड्यांवरून एक कोळी चालू लागतो. त्यांना पत्ता नाही. लोमचा कॅमेरा बोलणाऱ्याचा चेहरा सोडून सरळ कोळ्यामागे जातो. आवाज चालूच. थोडी खोडी आहे यात, मान्य. पण बोलणं कानावर असल्याशिवाय चेहरा कधी सोडायचा हे कळत नाही. तू मात्र प्रश्न संपला की झूम करतेस, उत्तर कुठेही पोचलेलं असो.

पुढे लोम मोठ्या कथापटांकडे गेला. ‘आर्मी ऑफ शॅडोज’मधला (१९६९) निळसर गारठा त्याचाच. ‘कामी क्लोदेल’ आणि ‘सिरानो द बेर्जराक’साठी सेझार हे फ्रेंच चित्रपट पुरस्कार मिळाले. आपल्या मुंबईच्या इस्माईल मर्चंटनी निर्मिलेला ‘मॉरिस’ही त्यानंच टिपला. तरीही ‘डॉक्युमेंटरी म्हणजे फिचर मिळेपर्यंतची सोय’ हे तुझ्या मित्रमंडळींचं पालुपद मला पटत नाही.

‘ल जोली मे’वर लोमचा सहायक होता एत्येन बेकर. १९६८ मध्ये फ्रेंच दिग्दर्शक लुई मालबरोबर भारतात कॅमेरा घेऊन फिरला तो हाच. सोबत फक्त एक ध्वनिमुद्रक. त्यातून ‘फँटम इंडिया’ ही माहितीपट-मालिका झाली. तिचा शेवटचा भाग मुंबईवर आहे, तो बघच. पण आधी पहिला भाग बघ. गावोगाव माणसं लेन्सकडे टक लावून पाहतात आणि ते कापलेलं नाही. तू असे शॉट ‘खराब’ म्हणून टाकून देतेस, हे तुझ्या एडिटिंगच्या टाइमलाइनवर मला दिसलं.

पुढच्या शूटला साउंडवाल्याकडून एक जादा हेडफोन मागून घे आणि तो तूच लाव. प्रश्नांचा कागद दुसऱ्याच्या हातात दे. एक मुलाखत न कापता मला पाठव, मग बोलू. आणि गिंबलच्या पैशांत तूर्त एक बरी हार्ड डिस्क घे. निम्मं फुटेज कुठे ठेवलंयस ते तुझं तुलाच सापडत नाही.

तुझा,
सर