तुम्ही विचारा, आम्ही सांगतो

प्रश्न : ‘कुंग फू हसल’ या चित्रपटात बायकोचा मार खाणारा लुकडा घरमालक कोण? चेहरा ओळखीचा वाटतो. (एक वाचक, मिरज)

उत्तर : चेहऱ्याआधी त्याची पाठ पाहिली असेल तुम्ही! हा हाँगकाँगचा युएन वा. ‘एंटर द ड्रॅगन’च्या (१९७३) सुरुवातीच्या लढतीत ब्रूस ली उलटी कोलांटी मारतो ना, ती मारणारा हाच. लीच्या ठोशाला तोड नव्हती, पण असल्या उड्यांसाठी डमी लागे. युएन वा लहानपणापासून पेकिंग ऑपेराच्या (गाणं, अभिनय आणि कसरती असलेलं पारंपरिक चिनी नाट्य) शाळेत घासूनपुसून तयार झालेला. जॅकी चॅन, सॅमो हंग हे नटही तिथलेच. ‘युएन’ हे तिथल्या गुरूच्या नावावरून घेतलेलं. ‘फिस्ट ऑफ फ्युरी’त (१९७२) बागेच्या फाटकावर लीला डिवचून मार खाणारा जपानीही तोच बरं का.

पुढे खलनायकी. ‘ड्रॅगन्स फॉरेव्हर’मध्ये (१९८८) तोंडात सिगार ठेवून तो काय लढलाय! माझ्या मते तिथे नायकांपेक्षा तोच भाव खातो. त्या घरमालकासाठी २००५ साली हाँगकाँग फिल्म अवॉर्ड्समध्ये सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्याचा पुरस्कारही मिळाला. आणि ती बायको, युएन च्यू? तीही त्याच गुरूची चेली.