साली, देठ आणि पाण्याची बाटली

मार्च संपत आला की माझ्याकडे येणाऱ्या प्रश्नांचा विषय बदलतो. वजन, शुगर, उपवास मागे पडतात आणि पाणी पुढे येतं. यंदा त्यातही एकच गोष्ट पुन्हा पुन्हा विचारली जातेय: स्वयंपाकात उरलेल्या लिंबाच्या साली, काकडीची टोकं, पुदिन्याचे देठ, आल्याची साल गार पाण्यात टाकून ठेवायची आणि ते पाणी दिवसभर प्यायचं. कुणी त्याला इन्फ्युज्ड वॉटर म्हणतं, कुणी डिटॉक्स. काहींना त्यात कचरा वाचतो, याचं समाधान आहे. काहींना ते औषध वाटतं. पहिल्या मंडळींशी माझं काही भांडण नाही.

साली किती, पाणी किती, आणि ठेवायचं किती वेळ? रात्रभर ठेवलं तर गुण जास्त उतरतो म्हणतात. (विश्रामबाग, सांगली)

एक लिटर पिण्याचं शुद्ध पाणी, मूठभर साली-देठ, फ्रिजमध्ये दोन ते चार तास. मग गाळा आणि त्याच दिवशी संपवा. रात्रभर ठेवल्यावर लिंबाच्या सालीतल्या पांढऱ्या भागाचा कडवटपणा उतरतो, गुण नाही. फ्रिजबाहेर दोन तासांच्या वर नको, आणि आपल्याकडच्या एप्रिल-मेच्या उन्हाळ्यात एका तासाच्या वर नको. साली माठात तर अजिबात टाकू नका; माठाची छिद्रं बुळबुळीत झाली की ती घासून निघत नाहीत.

पिळलेल्या लिंबाच्या सालीत रसापेक्षा जास्त क जीवनसत्त्व असतं, आणि हे पाणी शरीरातली विषं बाहेर काढून रक्त अल्कलाइन करतं, असं एका शिबिरात सांगितलं. त्यांच्याकडची खास बाटलीही घेतली. योग्य केलं ना? (कराड)

बाटली घेतली असेल तर वापरा, पाणी प्यायची आठवण राहील. तिचा उपयोग तेवढाच.

सालीत क जीवनसत्त्व असतं, हे खरं. पण गार पाण्यात दोन-चार तासांत त्यातलं फार थोडं उतरतं. एक पेरू खाल्लात तर त्याच्या कितीतरी पट मिळेल. विषं बाहेर काढायचं काम यकृत आणि मूत्रपिंडं न सांगता करतात. आणि रक्ताचा सामू ७.३५ ते ७.४५ एवढ्या अरुंद पट्ट्यात फुप्फुसं आणि मूत्रपिंडं मिळून राखतात. लिंबाच्या सालीला तिथे कोणी विचारत नाही. तो पट्टा खरोखर सुटला तर माणूस अतिदक्षता विभागात असतो, शिबिरात नसतो. बाटलीच्या मधल्या जाळीत मात्र गर अडकतो. ती रोज ब्रशने घासा.

कोल्ड्रिंकची बाटली सुटून तिच्या जागी हे पाणी आलं असेल, तर फायदा नक्की आहे. तो न गेलेल्या साखरेचा.

स्ट्रॉबेरीची देठाकडची हिरवी टोकं पाण्यात घातली तर चालतील का? (पाचगणी)

चालतील. स्ट्रॉबेरी आधी धुवा, टोक नंतर काढा. मऊ पडलेली, बुरशीचा ठिपका असलेली टाकून द्या.

आमची घरचीच द्राक्षबाग आहे. पेट्या भरताना गळालेले मणी आणि वेलाची कोवळी पानं रोज एक जग पाण्यात टाकते. विकतचं नाही, घरचं आहे, म्हणजे काळजी नाही ना? बेदाणेही रात्री भिजत घालते. (तासगाव तालुका)

ताई, काळजी आहे, आणि ती घरचं असल्यामुळे कमी होत नाही. तुमच्या बागेत ऑक्टोबरच्या फळछाटणीपासून काढणीपर्यंत डाऊनी आणि भुरी या वेलीच्या रोगांसाठी काय काय मारलं, मणी फुगवायला घड कशात बुडवले, हे तुमच्या घरातच कुणाला तरी पाठ असेल. त्यांना विचारा. गिऱ्हाईक विचारू शकत नाही, तुम्ही विचारू शकता. घरच्या बागेचा खरा फायदा हा आहे.

सालींच्या पाण्याबद्दल मला सगळ्यात जास्त खटकतं ते इथे. फळ खाताना आपण लिंबाची, संत्र्याची, आंब्याची साल फेकतो. आता तीच साल मुद्दाम ठेवून घेतो आणि पाण्यात मुरवतो. फवारणी सगळ्यात आधी बसते ती सालीवर. संत्र्या-सफरचंदावर काढणीनंतर मेणाचा हात फिरतो तोही सालीवर, आणि हातगाडीवरची धूळ बसते तीही तिथेच. म्हणून फळ खाण्यापेक्षा साल वापरताना जास्त चौकशी करायला हवी. लोक उलटं करतात. फळ धुतात आणि साल 'नाहीतरी पाण्यातच जाणार' म्हणून तशीच टाकतात.

'मिठाच्या पाण्यात बुडवलं की सगळं निघतं' हे दर उन्हाळ्यात ऐकते. निघत नाही. औषधं दोन तऱ्हेची असतात, हे बागायतदाराच्या घरात समजवावं लागू नये. स्पर्शजन्य औषध वर बसतं. वाहत्या नळाखाली चोळून धुतलं की त्यातलं बरंचसं जातं, खाण्याच्या सोड्याच्या पाण्यात दहा-पंधरा मिनिटं ठेवलं तर काही औषधं आणखी कमी होतात. आंतरप्रवाही औषध पेशींच्या आत गेलेलं असतं. ते मिठाने, सोड्याने, व्हिनेगरने, कशानेच धुऊन निघत नाही. त्याला इलाज एकच: शेवटची फवारणी आणि काढणी यांच्यात लेबलवर सांगितलेले दिवस जाऊ देणं, ज्याला तुमच्याकडे सगळे पीएचआय म्हणतात.

२०१० साली भारतातून युरोपला गेलेली द्राक्षं अडकली होती, ती क्लोरमेक्वॉट क्लोराइडच्या अंशांमुळे. वेलीची वाढ रोखायला वापरतात ते हे रसायन. बरेच बागायतदार त्या हंगामात पोळले. कुणी धुतली नव्हती म्हणून ती द्राक्षं अडकली, असं नाही. अंश मण्याच्या आत होते. त्यानंतर निर्यातीच्या मालाची तपासणी कडक झाली. पेटीतून गळालेला मणी मात्र कुणी तपासत नाही, तो थेट तुमच्या जगमध्ये जातो.

आणखी एक गैरसमज जाता जाता: मण्यावरची पांढरट पावडर म्हणजे औषध, असं शहरातले लोक समजतात. तो मण्याचा स्वतःचा नैसर्गिक मेणाचा थर असतो. निळसर डाग असतील तर ते बोर्डोचे, म्हणजे मोरचूद-चुन्याच्या फवाऱ्याचे, असू शकतात. पण मणी चकचकीत दिसतो म्हणून तो औषधाविना आहे, असंही नाही. डोळ्यांना यातलं फार कमी कळतं.

तेव्हा असं करा. पानं बंद; फवारा सगळ्यात जास्त पानांवरच बसतो. मणी वापरायचे तर फवारणीची वही उघडून पीएचआय पूर्ण झाल्याची खात्री करा आणि मणी नळाखाली चोळून धुवा. कोणत्या औषधाला किती दिवस, याबद्दल शंका असेल तर कृषी विज्ञान केंद्रात विचारा. पुण्याजवळच्या मांजरीचं राष्ट्रीय द्राक्ष संशोधन केंद्रही त्याची यादी देतं. दुकानदाराला विचारू नका, तो औषध विकायला बसलाय.

बेदाण्याचं थोडक्यात. सुकवण्याआधी द्राक्षं पोटॅशियम कार्बोनेट आणि डिपिंग ऑइलच्या द्रावणात बुडवतात आणि रंग राहावा म्हणून शेडमध्ये गंधकाची धुरी देतात, हे तुम्ही पाहिलेलं आहे. म्हणून भिजवण्याआधी बेदाणे दोन-तीन पाण्यांनी धुवायचे. घरात कुणाला दमा असेल तर गंधकामुळे त्रास होऊ शकतो. त्यांना ते पाणी देण्याआधी त्यांच्या डॉक्टरांशी बोला.

काकडीचं टोक कापून चोळलं की कडूपणा फेसातून निघून जातो ना? मग ते टोक पाण्यात घातलं तर? (औंध)

कडूपणा असा जात नाही. साल चाखून बघा. कडू लागली तर काकडीही टाका आणि टोकही. दुधीच्या बाबतीत तर हे फारच कडकपणे पाळा. कडू दुधीच्या रसाने रक्ताच्या उलट्या होऊन माणसं दगावली आहेत.

तांब्याच्या बाटलीत लिंबाच्या साली आणि पुदिना घालून ऑफिसला नेते. तांब्याचे आणि लिंबाचे, दोन्ही फायदे एकदम. पण हल्ली मळमळतं. उन्हामुळे असेल का? (मिरज)

बाटलीमुळे असण्याची शक्यता जास्त आहे. आजच बंद करा.

तांब्यात साधं पाणी ठेवायला हरकत नाही. आंबट पदार्थ ठेवला की तांबं त्यात उतरायला लागतं, आणि जास्त तांबं पोटात गेलं की मळमळ, उलट्या, पोटदुखी. आपल्या आज्या पितळेच्या भांड्यात कल्हई नसेल तर ताक ठेवत नसत. कळकतं म्हणायच्या आणि विषय संपवायच्या. कल्हईवाले दारावर यायचे बंद झाले आणि ते शहाणपणही त्यांच्याबरोबर गेलं. लिंबू, कोकम, चिंच, आवळा, संत्र्याच्या साली यांच्यासाठी काच किंवा स्टील. बाटली सोडूनही दोन-तीन दिवसांत मळमळ थांबली नाही तर डॉक्टरांना दाखवा, आणि मी तांब्यात लिंबू पीत होते, हे त्यांना आठवणीने सांगा.

सासऱ्यांना शुगर आहे. डाळिंबाच्या सालीच्या पाण्याने ती मुळापासून जाते, असं कुणीतरी सांगितलं म्हणून त्यांनी गोळी बंद केली. डॉक्टर, तुम्हीच समजवा. (आटपाडी)

मी आहारतज्ज्ञ आहे, डॉक्टर नाही. गोळीबद्दल बोलायचं ते गोळी लिहून देणाऱ्याशीच, आणि उद्याच, बाजाराचा दिवस बघून नाही.

डाळिंबाच्या सालीत टॅनिन भरपूर असतात, म्हणून ती तुरट लागते. त्यावर प्रयोगशाळांत संशोधन होतं, होऊ दे. मधुमेह मुळापासून काढणारी साल कुणाला सापडलेली नाही. साखर वाढलेली असताना बऱ्याचदा काहीच जाणवत नाही, म्हणून 'बरं वाटतंय' याला अर्थ नाही. उपाशीपोटीची आणि तीन महिन्यांची सरासरी साखर तपासून घ्या, रिपोर्ट घेऊन जा. मधल्या काळात पाय, बोटांमधल्या जखमा रोज बघा. आणि आटपाडीत राहता, तेव्हा तेल्या रोगासाठी डाळिंबावर किती फवारण्या होतात, हे मी सांगायला नको.

बाळ आठ महिन्यांचं आहे. पुदिन्याचं पाणी थोडं मध घालून देऊ का? (जत)

नको. मध तर वर्ष पूर्ण होईपर्यंत अजिबात नको. तहानेला उकळून गार केलेलं साधं पाणी, किती ते बालरोगतज्ज्ञांना विचारून.

पावसाळ्यात नळाला गढूळ पाणी येतं. लिंबाच्या सालीने जंतू मरतात ना? (पलूस तालुका)

लिंबाच्या भरवशावर पाणी शुद्ध होत नाही. ऑगस्ट २०१९ च्या महापुरात कृष्णाकाठाने काय पाहिलं, ते विसरण्यासारखं नाही. पूर ओसरल्यावरच कावीळ, टायफॉइड, जुलाबांची भीती खरी सुरू होते. गढूळ पाणी निवळू द्या, गाळा, खळखळून उकळा किंवा क्लोरीनचे थेंब सांगितलेल्या प्रमाणात घाला. पुदिना-कोथिंबीरही शुद्ध पाण्यानेच धुवा, देठांच्या बेचक्यात माती अडकते. त्या दिवसांत कच्च्या सालींचं पाणी बंदच ठेवलंत तर उत्तम.

मिस्टरांना मुतखडा आहे. लिंबाच्या सालीचं पाणी सुरू केल्यापासून दुखणं थांबलंय. सोनोग्राफी आता सुगी झाल्यावर केली तर चालेल? (विटा)

दुखणं थांबलं म्हणजे खडा गेला, असं नाही. खडा वाट अडवून गप्प बसतो आणि आत मूत्रपिंड सुजत राहतं, असंही होतं. सोनोग्राफी या आठवड्यात. दुखण्याबरोबर थंडी वाजून ताप आला, लघवी अडली किंवा उलट्या थांबेनात, तर त्याच दिवशी दवाखाना, मग रात्रीचे दोन का वाजलेले असेनात.

लिंबाचा उपयोग आहे, पण तो रसातल्या सायट्रेटचा, सालीचा नाही. आणि तो नवा कॅल्शियमचा खडा धरू नये यासाठी, असलेला विरघळवण्यासाठी नाही. दिवसाला दोन-अडीच लिटर लघवी होईल इतकं पाणी हा मोठा इलाज. मात्र रक्तातलं क्रिएटिनिन वाढलेलं असेल, म्हणजे मूत्रपिंडांचं काम मंदावलेलं असेल, किंवा हृदयाचा त्रास असेल तर किती प्यायचं, हे मूत्रविकारतज्ज्ञच ठरवतील. मूत्रपिंडं अधू असलेल्यांनी कमरख, म्हणजे ते पाच धारांचं आंबट फळ, पाण्यातसुद्धा घालू नये. उचकीपासून फिटपर्यंत मजल जाते.

आल्याच्या साली? (कोरेगाव)

ब्रशने घासून, माती काढून चालतील. बुरशी दिसली तर नाही. रक्त पातळ करायची गोळी चालू असेल तर आधी डॉक्टरांना विचारा.

पाणी गाळल्यावर राहिलेल्या साली पुन्हा एकदा वापराव्यात का? (सातारा)

नाही. बारीक चिरून कुंडीतल्या मातीखाली पुरा, वर ठेवल्यात तर चिलटं होतील.