पूषाच्या करंभात ज्वारी होती का?

परभणीहून विचारणा आली आहे : "ऋग्वेदात पूषा देवाला करंभ आवडतो. आमच्याकडे कीर्तनात सांगितलं की करंभ म्हणजे ताकातल्या कण्या आणि यव म्हणजे ज्वारी. खरं का हे?"

कण्यांचं अर्धं पटतं. करंभ म्हणजे यवाचं पीठ दह्यात नाहीतर तुपात कालवलेलं. पूषाला दात नाहीत असं ब्राह्मणग्रंथ (यज्ञविधी समजावणारे वैदिक ग्रंथ) सांगतात, म्हणून त्याचा वाटा दळलेला. ताकातल्या कण्यांशी त्याची सोयरीक जुळवा खुशाल. यव मात्र ज्वारी नव्हे, जव.

वाद जुनाच आहे. मीमांसासूत्रं म्हणजे वेदवाक्यांचा अर्थ कसा लावायचा याचे नियम. त्यांवरच्या शाबरभाष्यात, म्हणजे शबरस्वामींच्या टीकेत, विचारलंय, काही लोक लांब कुसांच्या धान्याला यव म्हणतात, काही प्रियंगूला (राळ्याला), मग खरा यव कोणता? निवाडा वेदवाक्यावरून होतो : बाकीच्या वनस्पती सुकतात तेव्हा हे मजेत उभे असतात. म्हणजे रब्बीचं पीक. आपल्याकडचा शेतकरी लगेच म्हणेल, मग शाळू, म्हणजे रब्बी ज्वारी, काय झोपलेला असतो? नसतो. पण जवाच्या ओंबीसारखी लांबलचक कुसं शाळूच्या कणसाला कुठून येणार!

आता माती काय म्हणते ते. घोड नदीकाठच्या इनामगावात इ.स.पू. 1600 ते 700 च्या सुमारास वस्ती होती. तिथल्या जळक्या दाण्यांत जव हे मुख्य धान्य. (इनामगावातल्यासारखीच, जोर्वे नावानं ओळखली जाणारी ताम्रपाषाणयुगातली खापरं आपल्या पैठणजवळ आपेगावलाही निघाली.) दाणा कोळसा झाला तरी ओळखू येतो : जव दोन्ही टोकांना निमुळता, पोटावर उभी खाच. ज्वारी गोलसर, बिनखाचेची. शिवाय ज्वारी मूळची आफ्रिकेची. पूर्व सुदानात तिची शेती सुमारे 5000 वर्षांपूर्वीची, आपल्याकडे ती नंतर आली.

पण इनामगावकर काही ऋग्वेद म्हणत नव्हते. उत्खननातून कणगीत काय होतं ते कळतं, यज्ञात काय पडलं ते नाही. उलटही तसंच. ऋग्वेदात गव्हाचं नाव नाही, म्हणून गहू नव्हताच म्हणाल तर हडप्पाकालीन गहू आडवा येतो.

राहिलं नावातलं साम्य. संस्कृतात ज्वारीला यवनाल म्हणतात. नव्या धान्याला जुन्याच्या नावावरून नाव पडलं, एवढंच. वेदातल्या 'यव'साठी भाषांतरात सरळ 'जव' लिहावं. 'सातू' लिहिलंत तर घरोघरी गहू-डाळव्याचं पीठ डोळ्यांपुढे येईल.