‘प्रत’ म्हणजे नक्कल नव्हे

एचिंग, म्हणजे धातूच्या पत्र्यावर आम्लाने रेघा कोरून कागदावर छापलेले चित्र, विकत घेतलेल्या एका संग्राहकाने विचारले आहे की, विक्रेत्याने पावतीवर ‘प्रत क्र. ७/३०’ असे लिहून दिले असेल, तर आपल्या हाती मूळ चित्र आले की त्याची नक्कल. आणि अशा चित्राला मराठीत काय म्हणावे? दुसऱ्या प्रश्नाला फार वेळ नको. ‘मुद्राचित्र’ हा शब्द रुळलेला आहे, नेमका आहे, तो वापरावा. पहिल्या प्रश्नात मात्र ‘प्रत’ आणि ‘नक्कल’ हे शब्द एकाच अर्थाचे धरले आहेत. ही चूक मी प्रदर्शनांत इतक्यांदा ऐकली आहे की तिच्याविषयी सविस्तर लिहिणे भाग आहे.

‘नक्कल’ हा अरबीतून आलेला शब्द. मूळ ‘नक्ल’ म्हणजे एका जागेवरून दुसऱ्या जागी नेणे, त्यावरून मजकूर उतरवून घेणे. नकलेला नेहमी एक ‘अस्सल’ लागते, आणि ‘अस्ल’ म्हणजे मूळ, झाडाचे असते तसे. अस्सल कागद दप्तरात, नक्कल आपल्या हातात, अशी ही जोडी आहे. आता एचिंगमधले अस्सल कुठे आहे ते दाखवावे. तांब्याचा किंवा जस्ताचा पत्रा हे चित्र नव्हे. त्यावर आकृती उलटी असते, आणि शाई भरून, पुसून, ओलसर कागदावर यंत्राच्या दाबाखाली उतरवल्यावाचून कलावंताला अभिप्रेत असलेले चित्र अस्तित्वातच येत नाही. तीस कागद काढले तर तीसही मूळच आहेत. ७/३० मधील सात हा आकडा छपाईचा क्रम दाखवतोच असेही नाही, कारण कागद वाळल्यावर त्यांवर आकडे आणि सही पेन्सिलीने नंतर घातली जाते.

‘प्रत’ची गोष्ट वेगळी आहे. हा शब्द संस्कृत ‘प्रति’वरून आलेला आहे, आणि ‘प्रति’चा गाभा ‘समोर, तोंडासमोर, उलट दिशेने’ असा आहे. प्रतिबिंब, प्रतिध्वनी आणि प्रतिमा हे शब्द त्याच गाभ्यातून निघाले. पोथीची प्रत ही मूळ पोथी समोर ठेवून लिहिलेली. मुद्राचित्रात तर हा अर्थ अक्षरशः खरा होतो, कारण कागद पत्र्याच्या समोर येतो, त्याला तोंड भिडवतो आणि उलटी आकृती सुलटी करून घेतो. या कलेसाठी मुद्दाम घडवला असता, तरी याहून चपखल शब्द मिळाला नसता.

मराठीने याच शब्दाला दुसरा अर्थही दिला आहे: दर्जा. ‘उत्तम प्रतीचा तांदूळ’, ‘हलक्या प्रतीचे कापड’, ‘कांद्याची प्रतवारी’. याचे स्पष्टीकरण काही व्युत्पत्तिकार असे देतात की, ‘प्रत्येक’, ‘प्रतिदिन’ यांतील वाटणीदर्शक ‘प्रति’पासून ‘प्रकार’ आणि प्रकारावरून ‘दर्जा’ हा अर्थ आला. मला हे साफ अमान्य आहे. ‘दर एक’ या अर्थातून ‘उत्तम’ आणि ‘हलके’ यांची उतरंड निघत नाही. माझे मत असे की हा अर्थ पोथ्या उतरवण्याच्या व्यवहारातून आला असावा, जिथे एकाच ग्रंथाची एक प्रत शुद्ध आणि सुवाच्य, तर दुसरी गाळलेल्या ओळींची असे. प्रत पाहूनच गुण ठरत असे, म्हणून ‘प्रत’ हाच गुणाचा शब्द झाला. तांदूळ आणि कापड यांच्याकडे तो तिथूनच गेला असावा.

मुद्राचित्रांच्या संग्राहकाला हे पटायला वेळ लागू नये. ड्रायपॉइंटमध्ये, म्हणजे आम्ल न वापरता थेट सुईने पत्रा कोरण्याच्या पद्धतीत, सुई धातू ओरबाडते तेव्हा रेघेच्या कडेला जी खरबरीत उचल राहते, तीच शाई धरून रेघेला मखमली काळेपणा देते. परंतु यंत्राच्या दाबाने ती पहिल्या काही दहा-वीस कागदांतच झिजू लागते, आणि त्यानंतर तोच पत्रा, तीच आकृती असूनही रेघ कोरडी दिसते. डच चित्रकार रेम्ब्रांटच्या १६४८ च्या सुमारास पुऱ्या झालेल्या ‘हंड्रेड गिल्डर प्रिंट’चा पत्रा पुढे विल्यम बेली या कॅप्टनच्या हाती आला, त्याने झिजलेल्या रेघा १७७५ च्या सुमारास पुन्हा कोरून नव्या प्रती काढल्या आणि शेवटी पत्र्याचे तुकडे करून तेही छापले. आकृती रेम्ब्रांटचीच, पण प्रत बेलीची. मराठीत हे वाक्य दोन्ही अर्थांनी एकाच वेळी उभे राहते, याचा मला विलक्षण आनंद होतो.

आणि खरेदीचा विषय निघालाच आहे तर हेही सांगितले पाहिजे. लॅटिनमध्ये किंमत या अर्थी ‘प्रेतिउम’ शब्द आहे, ज्यातून इंग्रजी ‘प्राइस’ आणि ‘प्रेशस’ निघाले. अनेक भाषाशास्त्रज्ञ त्याचे नाते ‘प्रति’च्याच भारोपीय (इंडो-युरोपीय) मुळाशी जोडतात: वस्तूच्या बदल्यात, तिच्या समोर ठेवले जाते ते मोल. काही जण दुसरे मूळ सुचवतात, पण मला पहिलेच अधिक पटते. तसे असेल तर प्रत आणि प्राइस ही दूरची भावंडे ठरतात.

‘नक्कल’ हा शब्द खुशाल वापरावा अशा जागाही आहेत. राजा रविवर्म्याने १८९४ मध्ये मुंबईत काढलेल्या आणि पुढे मळवलीला नेलेल्या छापखान्यातील ओलिओग्राफ ही तैलचित्रांवरून, प्रत्येक रंगाला वेगळा दगड घेऊन केलेली पुनर्निर्मिती होती. अर्थाने ती नक्कलच. तरीही संग्राहक तिच्यातही प्रत पाहतो: रंग टिकले आहेत का, चौकटीसाठी कडा छाटताना तळचे छापखान्याचे नाव गेले आहे का. परंतु तैलचित्राचे छायाचित्र घेऊन संगणकाच्या प्रिंटरवर शाई फवारून काढलेला कागद, ज्याला ‘जिक्ले’ म्हणतात (फ्रेंचमध्ये ‘जिक्ले’ म्हणजे द्रव उडणे, पिचकारणे, आणि छपाईचे हे नाव १९९१ चे आहे), त्याच्या खाली आकडे घालून ‘मूळ मुद्राचित्र’ म्हणून विकणे हा शब्दांचा अपव्यवहार आहे. पावतीवर ‘एचिंग’, ‘पत्र्यावरून’ आणि ‘प्रत ७/३०’ असे तिन्ही स्पष्ट लिहिलेले असेल, तर हाती आलेले चित्र मूळच आहे.