हेबियस टाकली तर पोरगी परत येईल का?

"मॅडम, हेबियस टाकली तर पोरगी परत येईल ना?" मुलीने आईबापांच्या मनाविरुद्ध लग्न केलं की ते हा प्रश्न घेऊन माझ्यासारख्या समुपदेशकाकडे येतात. बहुतेकदा वकिलाची फी ऐकून झाल्यावर. हेबियस म्हणजे हेबियस कॉर्पस, डांबून ठेवलेल्या माणसाला कोर्टासमोर हजर करा म्हणणारी याचिका.

लातूरकडचं एक जोडपं असंच आलं. (ओळख पटू नये म्हणून तपशील बदललेत.) मुलगी 22 वर्षांची, बी.फार्म. झालेली. वर्गमित्राशी रजिस्टर लग्न करून पुण्याला गेली, मुलगा दुसऱ्या जातीचा. मिसिंगच्या तक्रारीवर पोलिसांनी शोधलं तेव्हा तिने जबाब दिला, स्वखुशीने आलेय. वडिलांना ते पटत नव्हतं. "दाबून घेतलाय जबाब. जजसमोर आम्हाला बघितलं की विरघळेल."

मी आधी कायदा सांगितला. या याचिकेत कोर्ट एवढंच बघतं, की माणसाला कुणी बेकायदा डांबलंय का. सज्ञान मुलगी "माझ्या मर्जीने राहते" म्हणाली की विषय मिटला. लग्न योग्य की अयोग्य, हे तिथे ठरत नाही. केरळच्या हादिया प्रकरणात वडिलांच्या याचिकेवर उच्च न्यायालयाने 2017 मध्ये लग्नच रद्द केलं होतं. मार्च 2018 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. केरळच्याच दुसऱ्या एका प्रकरणात, 2024 मध्ये, सर्वोच्च न्यायालयाने बजावलं की अशा याचिकेत कोर्टाने समुपदेशन हे मन वळवायचं साधन करू नये. मी तर हे आधीपासून सांगत आलेय, पण ऐकतं कोण!

वडिलांनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, "तरी टाकायचीच."

मी अमेरिकन मानसशास्त्रज्ञ अल्बर्ट एलिसच्या विवेकनिष्ठ विचारांत घडलेली. नुसत्या माहितीने माणूस हलत नाही, आतली मागणी हाती लागावी लागते. पुढच्या एका भेटीत विचारलं, "समजा, कोर्टाच्या व्हरांड्यात तिच्यासोबत दोन मिनिटं मिळाली. काय बोलाल?"

"घरी चल म्हणेन."

"ती नाही म्हणाली. अजून दीड मिनिट उरलंय."

ते गप्प. आईच बोलली, "थायरॉईडची गोळी घेते का, एवढं विचारीन. पाकीट घरीच राहिलंय."

मग वडील, खाली बघत, "वाळलीय का, ते बघीन."

"मग फोन का नाही केला?"

"मी करू? गावात तोंड दाखवायला जागा नाही, मॅडम."

"आणि पोलिसांनी आणून उभी केली तर?"

"तर मी झुकलो, असं नाही ना होत."

इथे मी पेन खाली ठेवलं. या माणसाला मुलीला बघायचं होतं, पण पहिलं पाऊल आपलं दिसायला नको होतं. ती सोय त्याने हायकोर्टात शोधली. तेव्हापासून मी पहिल्याच भेटीत विचारते, पोरगी परत आणायचीय की बघायचीय? उत्तर यायला वेळ लागतो आणि बरेचदा नवराबायकोचं उत्तर वेगवेगळं निघतं.

"आधी फोन करेल तो हरला, हा नियम कुणाचा?" मी विचारलं.

"लोकांचा."

"त्यांतलं कोण करणार तिचं बाळंतपण?"

आई फिस्सकन हसली. वडील नाही हसले, पण याचिका टाकली नाही. कपाटात कुलूपबंद केलेल्या तिच्या मार्कशीट, आधार कार्ड आणि गोळ्या मामाच्या हाती पाठवल्या. फोन त्यांनी पुढे आपणहून केला. जावयाशी अजून बोलत नाहीत. मीही आग्रह धरत नाही.

याचिका कधीच टाकू नये, असं मात्र नाही. मुलगी 18 च्या आतली असेल तर आधी पोलिसांत जा, ती बाब वेगळी. सज्ञान मुलगी कुणालाच, पोलिसांनाही, भेटत नसेल, डांबून ठेवल्याची खरीच शंका असेल, तर एक दिवसही न घालवता वकील गाठा. आणि हीच याचिका जावईही टाकू शकतो. मुलीला मावशीच्या गावी कोंडून ठेवणाऱ्या आईबापांना हे बहुधा नोटीस हातात पडल्यावर कळतं.